म्हणणं ऐकून घेतल्याशिवाय

"त्याला आत्ताच्या आत्ता हाकला," खात्याचा प्रमुख होस्टेटलर म्हणाला आणि त्याने पडद्यावरचं चित्रण थांबवलं.

म्हाताऱ्या माणसांना दवाखान्यात नेणाऱ्या काउंटीच्या, म्हणजे जिल्हा प्रशासनाच्या, गाडीतलं चित्रण होतं ते. ड्रायव्हर कर्टिस बील गाडी उघड्या शेडमध्ये लावतो. मागे वळून बघतो. मागच्या सीटवर पट्टा बांधलेला एक म्हातारा झोपलेला असतो. कर्टिस त्याच्याकडे बघतो, मग घड्याळाकडे. दिवा मालवतो, दार लावतो आणि घरी जातो.

त्या दिवशी मिनेसोटात तापमान उणे चौदा अंश होतं. चार तासांनी झाडूवाल्या बाईला म्हातारा सापडला. जिवंत होता, पण हातांची बोटं काळी पडली होती.

"असं हाकलता येणार नाही," व्हर्ना ट्राउटमन म्हणाली. नोकरवर्गाचे कागद तिच्याकडे असत. "आरोप लेखी द्यायचे. हे चित्रण त्याला दाखवायचं. उत्तर द्यायला वेळ द्यायचा. मग त्याचं म्हणणं ऐकायचं."

"त्याचं म्हणणं?" होस्टेटलर तिच्याकडे बघतच राहिला. "तू सांगतेस हे?"

"मीच सांगतेय. आणि ऐकणारा माणूस बाहेरचा हवा. तुम्ही नाही, मी तर नाहीच. मी त्या खोलीत पाऊलसुद्धा टाकणार नाही."

होस्टेटलरने पडदा बंद केला.

गॅरेजमध्ये बातमी पोचायला वेळ लागला नाही. "माणसाची बोटं गेली आणि बाईसाहेब नियम वाचतायत," मेकॅनिक म्हणाला, तिला ऐकू जाईल अशा बेतानं. कॉफीच्या यंत्रापाशी ती आली की बाकीचे पेले उचलून निघून जात. तिने कुणालाच काही सांगितलं नाही.

दोन दिवसांनी कर्टिस आरोपपत्र घ्यायला आला. खुर्चीत ऐसपैस बसला.

"मॅडम, सगळ्या ऑफिसात तुम्ही एकट्याच माझ्या बाजूने आहात. पंधरा वर्षं गाडी चालवली मी. एका म्हाताऱ्यासाठी नोकरी घालवायची?"

"इथे सही करा. चित्रणाची प्रत सोबत आहे."

"बघितलं मी ते. अहो, त्याला उठवायचं, घरापर्यंत न्यायचं, पायऱ्या चढवायच्या... अर्धा तास गेला असता. माझी वेळ संपली होती. म्हटलं, घेईल कोणीतरी काढून." तो हसला. "आणि या वयात बोटं हवीत कशाला? पियानो वाजवणार होता का?"

व्हर्नाने कागद सरळ केला. "हे सगळं तिथे सांगा. एक शब्दही गाळू नका. कामगार संघटनेच्या रमोना दुआर्ते तुमच्या सोबत असतील."

कर्टिसने तिचा हात हातात घेऊन दाबला. तो गेल्यावर ती बेसिनपाशी गेली आणि साबणाने हात धुतले. पुसले आणि पुन्हा धुतले. मग परत येऊन तिने सुनावणीची तारीख लिहिली.

सुनावणी दोन तास चालली. दुसऱ्या गावाहून आलेल्या निवृत्त वकिलाने कर्टिसला मध्ये एकदाही तोडलं नाही. त्याचं बोलून झाल्यावर विचारलं, "आणखी काही सांगायचंय?" कर्टिसने आणखीही सांगितलं.

आठवड्याने निकाल आला. बडतर्फ.

रमोना व्हर्नाच्या टेबलाशी येऊन मटकन बसली. "आत जे बोलला ना, ते ऐकवत नव्हतं. तरी माझं काम म्हणून फट शोधत होते. एकही ठेवली नाहीस तू. ऐकून न घेता काढलं असतं, तर महिन्याभरात मी त्याला त्याच गाडीवर परत बसवला असता. बसवावाच लागला असता."

"ठाऊक आहे," व्हर्ना म्हणाली.

फाईल कपाटात ठेवून ती थेट हॉस्पिटलला गेली. जेवणाची वेळ होती. "तुमची लेक आली बघा," म्हणत नर्सने सुपाचा वाडगा तिच्या हाती दिला. व्हर्नाने चमचा फुंकून गार केला, बँडेजमधले दोन्ही हात अलगद उशीवर ठेवले आणि म्हणाली, "तोंड उघडा, बाबा."