माहेरवाशिणींची फळी

“मामा, हजाराची साडी नऊशे साठला गेली.”

राजनंदिनीनं बिल सासऱ्यांच्या पुढ्यात ठेवलं. बेलापूरच्या त्या कापड दुकानात कॉम्प्युटर येऊन चार दिवस झाले होते आणि सून येऊन पाच महिने. राधाकृष्णांचा अजून दोघांवरही पुरता विश्वास बसलेला नव्हता.

“मशीन चुकलं आसंल,” ते म्हणाले. “हजाराला वीस टक्के चढवले, बाराशे झाले. त्यावर वीस टक्के सूट दिली, झाले परत हजार. गिऱ्हाईक खूश. आपलं काय गेलं?”

हा त्यांचा लाडका डाव होता. दिवाळीत गावच्या लेकी माहेरी आल्या की डावीकडची एक फळी त्यांच्यासाठी ठेवायची. तिच्यावरच्या साड्यांच्या किमती आधी वीस टक्क्यांनी चढवायच्या आणि वर खडूनं लिहिलेली पाटी लावायची, ‘माहेरवाशिणींना वीस टक्के सूट’. दुकान काढल्यापासून बावीस वर्षं हे चाललं होतं. एरवी माणूस महा चिक्कू. गठ्ठ्याची सुतळीसुद्धा न कापता सोडवून ठेवणारा. पाचशेच्या आतल्या गिऱ्हाइकाला पाणी, पाचशेच्या पुढं अर्धा कप चहा. खिशातला रुपया न हलवता वर्षातून आठ दिवस दिलदार म्हणवून घ्यायला मिळतं, याचा त्यांना कोण आनंद!

“मामा, चढवताना आपण वीस टक्के हजारावर धरतो. म्हणजे दोनशे,” राजनंदिनी बेतानं म्हणाली. “उतरवताना ते बाराशेवर धरतो. बाराशेचे वीस टक्के दोनशे चाळीस होतात. वरचे चाळीस आपल्याच खिशातून जातात. शंभराला चार रुपये. जीएसटी त्या किमतीतच धरलेला, म्हणजे तोही वेगळा मिळत नाही.”

राधाकृष्णांनी आधी बोटांवर मोजलं. मग पाठकोऱ्या कागदावर मांडलं. दोन्ही वेळा दोनशे चाळीसच आले.

“बावीस वर्सं?”

“दरसाल दोनेकशे साड्या जातात, असं तुम्हीच सांगता. जुने भाव कमी होते. तरी लाखाच्या वर गेले असतील.”

ते एकदम ओरडले, “ती पाटी काढ आदी! सूट बंद. आजपासनं बंद!”

पलीकडे ब्लाउजपीस मोजत बसलेल्या छबूबाईंचे हात थांबले. वीस चढवा, वीस उतरवा, हा हिशेब नवऱ्याला त्यांनीच सांगितला होता. त्या सातवीपर्यंत शिकलेल्या, आणि सातवीला गणितात वर्गात पहिल्या. राधाकृष्णांना ते आत्ता आठवलं.

“छबू, तूच म्हनली हुतीस ना, बरोबर सुटतंय म्हनून? तुझं बी गणित चुकलं व्हय?”

सासूनं ‘चुकलं’ म्हणून टाकावं, असं राजनंदिनीला मनापासून वाटलं. चार दिवस कुरकुर झाली असती आणि विषय मिटला असता. छबूबाई मात्र उठून पुढं आल्या.

“न्हाई चुकलं,” त्या म्हणाल्या. “मला ठाव हुतं. शंभराला चार रुपये सोडा म्हनले आसते, तर तुमी सोडले आसते का?”

याचं उत्तर दुकानातल्या तिघांनाही ठाऊक होतं.

“मी ल्हान आसतानाच आई-बाप गेले,” छबूबाई म्हणाल्या. “भावानं कवा दिवाळीला बोलावलं न्हाई. लग्नाला चाळीस वर्सं झाली, पन माहेरची एक साडी न्हाई माझ्या कपाटात. ह्या पोरी हितं येत्यात, भाव करत्यात, रुसून बसत्यात. त्यांला काय लई पैशाची पडलेली नसती. माहेरात आपलं कुनी ऐकतंय का, तेवढंच बघत्यात. त्यांला खोटी सूट द्यायला माझं मन धजंना. म्हनून चार रुपये खरे ठेवले.”

पदरानं तोंड पुसून त्या पुन्हा म्हणाल्या, “दुकान तुमचं हाय. बंद करायचं आसंल तर करा. पन मग पाटी लावू नका. पोरींला फसवायचं न्हाई.”

त्या परत जागेवर जाऊन बसल्या आणि ब्लाउजपीस पहिल्यापासून मोजायला लागल्या. राजनंदिनीला स्वतःचा इतका राग आला, की ते बिल चुरगाळून टाकावंसं वाटलं. आपल्या हुशारीनं सासूचं एवढं एक सुख गेलं, आणि तेही ऐन दिवाळीत.

राधाकृष्ण उठले. स्टूल ओढून त्यावर चढले आणि त्यांनी पाटी काढली. खाली उतरून ओल्या फडक्यानं ‘वीस’ पुसला. मग गल्ल्यातून खडूचा तुकडा शोधून काढला, पाटी मांडीवर घेतली आणि बराच वेळ लावून त्या जागी ‘पंचवीस’ लिहिलं.

“मशीनमधल्या किमती बी पंचवीस टक्क्यांनीच चढव,” ते सुनेला म्हणाले.

राजनंदिनीनं आकडे टाकले. पडद्याकडं बघितलं, मग सासऱ्यांकडं. पुन्हा तोंड उघडायची तिला धास्तीच वाटत होती, पण सांगणं भाग होतं.

“मामा, अशानं शंभराला सव्वासहा रुपये जातील.”

“ठाव हाय मला,” पाटी खिळ्याला अडकवत राधाकृष्ण म्हणाले. “त्यातले चार तुझ्या सासूचे. वरचे सव्वादोन माझे.”