बन्सीचा हात

नगरच्या दवाखान्यात डॉक्टरीणबाईंनी रंगीत ठोकळे पुढे केले. समर्थने त्यांचा मनोरा रचला नाही. सगळे एका ओळीत मांडत गेला. नातवाचं ते मांडणं पाहून बनाबाईंना गलबलून आलं.

"माझा धाकला भाऊ, बन्सी, असंच करायचा," त्या म्हणाल्या. "ज्वारीचे दाने वट्यावर वळीनं मांडायचा. सकाळधरनं सांजपातुर."

"बोलायचे का ते?"

"न्हाई. खुळा म्हनायचे त्याला. भाकरी मोडलेली चालायची न्हाई, आख्खीच लागायची. वाजंत्री आली की कान दाबून दान्याच्या कनगीमागं बसायचा. मी हात धरला तरच भाईर यायचा."

डॉक्टरीणबाईंनी शब्द सांगितला, स्वमग्नता. बनाबाईंनी तो पुटपुटून पाहिला. पन्नास वर्षांनी का होईना, भावाला खुळ्यापेक्षा बरं नाव मिळालं होतं.

पुढचं मात्र त्यांनी सांगितलं नाही. काष्टीच्या बाजारात बांगड्या भरायला त्यांनी बन्सीचा हात सोडला होता. त्या तेरा वर्षांच्या, तो आठचा. वळून पाहिलं तर तो नव्हता. दादा, त्यांचे वडील, आठ दिवस गावोगाव हिंडले. घरात कुणी बनाबाईंना एका शब्दानं बोललं नाही, तेच त्यांना जड गेलं. दोन महिन्यांनी लग्नाचा चुडा भरताना त्या हमसून रडल्या. बायकांना वाटलं, माहेर सुटतंय म्हणून.

नगरहून परतताना त्या माहेरी उतरल्या. चौऱ्याऐंशी वर्षांची आई खाटेवर पडून होती.

"आई, बन्सी खुळा नव्हता. डॉक्टरीन म्हनली, अशी पोरं शिकत्यात. मी हात सोडला नसता तर..."

आईनं त्यांना खाटेवर बसवून घेतलं.

"ते मनाला लावून घिऊ नको, बने. तुझ्यामुळं न्हाई गेला तो."

"मंग कुनामुळं?"

"तुला बघायला पाव्हनं यायचं हुतं. खुळ्याच्या बहिनीला कोन करून घील, म्हनायचे तुझे दादा." आईनं कूस बदलली. "बाजारातनं तो दुसऱ्या दिशी घरी आल्ता. कुनीतरी गाडीवानानं आनून सोडला. तू खुरपायला गेल्तीस. मी त्याला न्हाऊ घातलं, नवी कापडं घातली, आन दादा त्याला रेल्वेत बसवून आले."