दरीकाठचं मैदान

खांदा कॉलनीच्या मैदानावर जिल्ह्याच्या मुलींच्या फुटबॉल संघाची निवड चालली होती. डोंगरावरच्या ठाकूरवाडीतून आलेली अरुणा निरगुडा सगळ्यांना चुकवत बॉल गोलपर्यंत न्यायची, आणि तिथं पोचली की निजलेल्या बाळाला सरकवावं तसा हळूच ढकलायची. तिन्ही वेळा गोलकीपरनं तो आरामात उचलून घेतला.

निवड करणाऱ्या शमा मॅडमनी यादीत तिच्या नावापुढे फुली मारली. "पायात जोरच नाही गं तुझ्या."

"जोर हाय, मॅडम. पन जोरात मारला का बॉल दरीत जातो."

"मग?"

"मग ज्यानं मारला त्यानंच आनायचा. उतरायला अर्धा तास, चढायला जास्ती. वाडीत एकच बॉल हाय ना."

मॅडमना हसू आलं. "अगं, इथे कुठली आलीय दरी? मार बिनधास्त."

अरुणानं चारी बाजूंना बघून एकदा खात्री करून घेतली आणि मारला. बॉल गोलवरून गेला, कुंपणावरून गेला आणि पलीकडच्या मोकळ्या प्लॉटातल्या झुडपांत दिसेनासा झाला. बाकीच्या मुली अजून वरच बघत होत्या, तोवर अरुणा कुंपण चढून पलीकडे उतरलीसुद्धा.

बॉलची पिशवी घेऊन उभे असलेले परेश सर ओरडले, "ए, राहू दे गं! अजून अकरा आहेत आपल्याकडे!" मग मॅडमकडे वळून म्हणाले, "थांबवू का तिला?"

"नको," फुली खोडत मॅडम म्हणाल्या, "घड्याळ लावा."