खोटी अस्वलं

मेळघाटातल्या एका ओढ्याकाठी भास्कररावांनी सागाच्या बुंध्याला जनावरांच्या गणनेचा कॅमेरा बांधला आणि त्यांची मुलगी रेवती त्याच्यासमोरून हातपाय टेकून रांगत गेली. कॅमेरा नीट लागलाय की नाही, हे जनावराच्या उंचीवरूनच तपासावं लागतं. पूर्वी हे काम तिची आई, कुमुद करायची.

कॅमेऱ्याच्या पडद्यावर रेवतीचा फोटो उमटला. खाली कॅमेऱ्याने ओळखलेलं नाव होतं, ‘अस्वल’.

“मला अस्वल म्हणतोय मेला!” ती हसत उभी राहिली. पुढच्या फोटोत नुसता ओढा होता. माणसांच्या फोटोंवर बंदीचा कायदा आल्यापासून कुठल्याही कॅमेऱ्याने माणूस ओळखला की तो त्याला फोटोतून पुसून टाकत असे. घरोघरचे जुने फोटोही तेव्हाच गेले होते.

रेवतीचं हसू थांबलं. “बाबा, मग आईलाही हा अस्वलच समजला असेल. म्हणजे तिचे फोटो असतील!”

कुमुद जाऊन तीन वर्षं झाली होती. तिचं नाक नेमकं कसं होतं, यावरून दोघांचा अलीकडेच वाद झाला होता.

भास्करराव कॅमेऱ्याचा पट्टा उगाच आवळत राहिले. “होते. पन्नासेक होते. एकात तर तिने जीभ काढून दाखवली होती.”

“होते म्हणजे?”

“रोज बसून मीच काढून टाकायचो. गणनेत खोटी अस्वलं शिरली असती गं.”

रेवतीने पडद्यावर आपला मघाचा फोटो परत आणला.

“एक अस्वल जास्त झालं असतं, बाबा,” ती म्हणाली.