मंजूर लग्नपत्रिका

कॅमेरा सुरू होताच सुलक्षणाआजींनी पिवळी पडलेली लग्नपत्रिका समोर धरली. कोपऱ्यात पोर्तुगीज सेन्सॉरचा शिक्का होता. सालाझारच्या राजवटीत गोव्यात लग्नपत्रिकासुद्धा मंजुरीशिवाय छापता येत नसे. माझ्या माहितीपटात मला तेच दाखवायचं होतं.

“वधू तुम्हीच ना? मग नवरदेवाबद्दल सांगा,” मी म्हटलं.

“नवरदेव कुठला? ते नाव आम्ही मनानंच घातलं. मुहूर्त तेवढा खरा. त्या वेळेला देवळापुढे दोनशे माणसं जमली आणि मी तिरंगा फडकवला. मंडपातूनच मला उचललं. चार वर्षं तुरुंगात होते.”

मी पत्रिका घ्यायला हात पुढे केला. त्यांनी ती दिली नाही. पदरानं पुसून कॅमेऱ्याच्या आणखी जवळ नेली.

“शिक्का नीट घे गो,” त्या म्हणाल्या. “आमच्या सभेला परवानगी त्यांनीच दिली होती.”