भेटीचा पास

“साळूबाई कोण?”

कलासंग्रहालयाच्या फाटकावरच्या साहेबरावांनी मोबाइलवरून डोळे वर केले. समोर पन्नाशी उलटलेल्या द्वारकाबाई आधार कार्ड पुढं धरून उभ्या होत्या.

“माझी माय.”

“तिकीट त्यांच्या नावावर आहे, आधार तुमचं आहे. मग त्या कुठं आहेत?”

“आत,” द्वारकाबाई म्हणाल्या.

चूक म्हटली तर चूक होती, पण त्यात बाईंचा दोष नव्हता. इथलं तिकीट आठ दिवस आधी मोबाइलवर काढावं लागतं. त्यांनी ते शेंद्र्यातल्या सुदर्शनच्या झेरॉक्सच्या दुकानातून काढलं. सुदर्शननं विचारलं, भेटीची तारीख? भेटीची वेळ? नाव? आता वेळ ठरवून भेटायचा पास द्वारकाबाईंनी उभ्या जन्मात पाहिला होता तो फक्त दवाखान्याचा. तिथं नाव विचारतात ते पेशंटचं, ज्याला भेटायचं त्याचं. त्यांनी ठणकावून सांगितलं, साळूबाई.

साहेबराव हसले. मग बाईंचा चेहरा बघून हसायचे थांबले. “जा मावशी. पण बारापर्यंतच हं.”

बाहेर एप्रिलचं ऊन डोळ्यांवर मारत होतं. घरून निघताना टँकरच्या रांगेत हंडे लावून, सून दीपमालाला तिथं उभं करून त्या एकट्याच आल्या होत्या. कुणाला बरोबर घ्यायचं म्हणजे कामाचा खाडा, आणि हे काम दुसऱ्याच्या देखत करायचंही नव्हतं. आत मात्र गारवा होता. फरशी इतकी गुळगुळीत, की आपण चालत नाही, कुणीतरी हाताला धरून हलकेच पुढं नेतंय असं त्यांना वाटायला लागलं. भिंतींवर राजे होते, राण्या होत्या, सोन्याच्या अंबारीतले हत्ती होते. द्वारकाबाई कुणाहीपुढं थांबल्या नाहीत.

शेवटच्या दालनात ती फोटोची तसबीर होती. सगळी भिंत तिनं व्यापलेली. खाली लिहिलं होतं: ‘खडी फोडणाऱ्या स्त्रिया, शेंद्र्याचा रस्ता, १९७२’. त्याच रस्त्यानं त्या आज बसनं आल्या होत्या.

महिन्यापूर्वी पेपरात या तसबिरीचा काड्यापेटीएवढा तुकडा छापून आला होता. म्हाताऱ्या कडुबामामांनी त्यावर बोट ठेवलं. “ही डाव्या हातात हातोडा धरलेली बघ. ही साळू. तुझी माय.” मामांच्या बहिणीबद्दल मामा चुकायचे नाहीत. पण तोंडाच्या जागी नुसते ठिपके होते. सुनेनं मोबाइलवर फोटो काढून मोठा करून दाखवला, तर ठिपकेच मोठे झाले.

बहात्तरच्या त्या दुष्काळात द्वारका सहा महिन्यांची होती. पुढच्या पावसाळ्याआधीच माय गेली. घरात तिचा एक फोटो नाही. मग द्वारकाबाई आरशात बघून अदमास घ्यायच्या, नाक मायचं असंल, हनुवटी बापाची असंल. पन्नास वर्षं नुसता अदमास. आज तोंड बघायचं होतं, एवढंच.

डावा हात त्यांना लगेच सापडला. काटकुळा, कोपरापर्यंत धुळीनं माखलेला. हातावरून त्या खांद्यावर आल्या, खांद्यावरून मानेवर. आणि तिथंच अडकल्या.

मायनं मान फिरवली होती. दिसत होता फक्त कान आणि सुटलेला अंबाडा.

बाकीच्या सगळ्या फोटोवाल्याकडं बघत होत्या. सत्तरीची एक म्हातारीसुद्धा पदर सावरून नीट बसली होती. त्या माळावर कॅमेरा म्हणजे केवढी नवलाई! सगळ्या गावानं बघितलं आणि हिनंच तेवढं बघायचं नाही?

“अगं, एकदा बघितलं असतं तर काय बिघडलं असतं?” त्या मोठ्यानं म्हणाल्या. शेजारचं जोडपं दचकून पुढं सरकलं.

द्वारकाबाई समोरच्या बाकावर बसल्या. रागानं डोळे भरून आले होते, त्यामुळं तसबीर हलायला लागली. दालनातल्या पंख्याची घरघर हळूहळू दूरच्या हातोड्यांसारखी ऐकू यायला लागली. टक, टक. धुळीचा वास आला. ऊन आलं. ऊन थेट पाठीवर आलं, आणि त्यांना त्याचं काहीच वाटलं नाही. मायचा कान इतका जवळ होता, की हाक मारली तर तिनं वळून बघितलं असतं.

असं काय बघत असंल ही?

त्या उठल्या. मायची मान जिकडं वळली होती तिकडं भिंतीच्या कडेकडेनं चालत निघाल्या. सहा बाया मागं पडल्या. खडीचा ढीग मागं पडला, पाण्याचं रिकामं पिंप मागं पडलं. तसबीर संपत आली. पेपरवाल्यांनी हा सगळा भाग कापून टाकला होता.

अगदी कडेला एक बाभळ होती. तिच्या फांदीला जुन्या लुगड्याची झोळी टांगलेली. झोळीतून एक इवलंसं पाऊल बाहेर आलं होतं.

द्वारकाबाई तिथंच उभ्या राहिल्या. किती वेळ, ते त्यांनाही कळलं नाही.

“मावशी, बारा वाजून गेले.” साहेबराव बोलवायला आले होते. “झाली भेट? यातल्या कोणत्या तुमच्या आई?”

त्यांनी लांबूनच हात केला. साहेबराव तसबिरीजवळ गेले, वाकले, चष्मा वर करून बघितलं आणि हळहळले.

“अरेरे, तोंड तर दिसतच नाही हो त्यांचं.”

“कसं दिसंल भाऊ?” द्वारकाबाई म्हणाल्या. “ती माझ्याकडं बघू राहिली.”