पगडीचा भाऊ
सरकारी गोळीबारात विणकर मेले, तेव्हा मिर्झापूरचे पेढीवाले मुकुंदीलाल आणि वकील बिशंभरनाथ यांनी कायदेमंडळ सोडायचं ठरवलं. पगड्या बदलायची गळ बिशंभरनाथानेच घातली. "आता आपण भाऊ, लालाजी. शब्द फिरवला तर मेलो समजा!" मुकुंदीलालांनी त्याच दिवशी राजीनामा धाडला. आठवड्याने दारावरून वाजतगाजत मिरवणूक आली. झरोक्यातून पत्नी म्हणाली, "अहो, तुमची पगडी चाललीय!" उघड्या मोटारीत गव्हर्नरसाहेबांचा नवा मंत्री बिशंभरनाथ हात जोडत होता. डोक्यावर तीच लाल काठाची पगडी, जिच्या भरवशावर चार पिढ्या बाजार निर्धास्त झोपला होता. "लालाजींची पगडी आहे ना, मग माणूस खोटा कसा असेल?" लोक म्हणाले. बिशंभरनाथाने वर पाहिलं. "धाकट्याला आशीर्वाद द्या, भैया!" मुकुंदीलालांनी त्याची पगडी स्वतःच्या डोक्यावरून उतरवली आणि पत्नीला म्हटलं, "आंघोळीचं पाणी काढ. भाऊ गेला."